आपल्या पायाखालचा समुद्र : एका वऱ्हाडी कथेचं परीक्षण

एमएस्सीच्या प्रबंधिकेचं पहिलं वाक्य मी मोठ्या थाटात लिहिलं होतं: 'पूर्णा नदीचे खोरे हे एकेकाळी समुद्राखाली होते, त्यामुळे येथील भूजल खारे आहे.' मसुदा परत आला तेव्हा त्या वाक्याखाली पेन्सिलीने एकच शब्द होता: 'कशावरून?'

मला राग आला होता. कशावरून म्हणजे काय? सगळ्यांनाच माहीत आहे. माझं आजोळ दर्यापूर तालुक्यातलं. आबाजी सांगायचे, "आथी पयले समुद्र होता म्हन्तात, म्हून तं पानी खारं हाये." शाळेत सरांनी तेच सांगितलं, वर्तमानपत्रात तेच वाचलं. संदर्भ म्हणून आबाजींचं नाव देता येत नाही, एवढीच काय ती अडचण, असं मला वाटत होतं. दोन दिवस शोधलं. समुद्र होता असं सांगणारे पन्नास जण भेटले. कधी होता, किती खोल होता, त्याचा किनारा कुठे होता, हे सांगणारा एकही भेटला नाही.

ते वाक्य मी खोडलं, पण समुद्र डोक्यातून गेला नाही. आज पीएचडीच्या चौथ्या वर्षात मला वाटतं, त्या एका शब्दाने मला जितकं शिकवलं तितकं पेटच्या अभ्यासाने शिकवलं नाही. म्हणून आज पुस्तकाचं परीक्षण न करता या कथेचं करतोय. आपण तिला 'वऱ्हाडचा समुद्र' म्हणू.

कथा काय सांगते

बाहेरच्या वाचकांसाठी थोडी ओळख. उत्तरेला सातपुड्याच्या गाविलगड रांगा, दक्षिणेला अजिंठ्याच्या रांगा आणि मधून पश्चिमेकडे जाणारी पूर्णा. ती पुढे चांगदेवजवळ तापीला मिळते. या मधल्या सखल, काळ्या, सपाट पट्ट्याला आपण खारपाणपट्टा म्हणतो. अमरावती, अकोला आणि बुलडाणा या तीन जिल्ह्यांत तो पसरलाय. दर्यापूर, भातकुली, मूर्तिजापूर, अकोला, बाळापूर, तेल्हारा, शेगाव, संग्रामपूर ही तालुक्यांची नावं आपल्याला पाठ आहेत. नानाजी देशमुख कृषी संजीवनी प्रकल्पात या पट्ट्यातली ९३२ गावं घेतली गेली, यावरून व्याप कळेल. विहीर खोदली की पाणी लागतं, पण प्यायला घेतलं तर जीभ ओढते आणि पिकाला दिलं तर जमीन दगड होते.

आता कथा. इथे समुद्र होता. तो आटला किंवा मागे सरला, पण जाताना मीठ ठेवून गेला. काही ठिकाणी तो अजून खाली आहे, असंही सांगतात. फार खोल बोअर मारला तर 'समुद्राचं पानी' वर येईल, तेव्हा तिकडे हात घालू नका. म्हणजे हा समुद्र नुसता जुना नाही, तो धोक्याचा आणि थोडासा जादूचाही आहे. दिसत नाही, पण माणसाच्या पाण्यात, पिकात, अंगात उतरतो.

परीक्षण करताना आधी चांगलं सांगावं. या कथेतलं निरीक्षण पक्कं आहे. जमीन सपाट आहे, पाणी खारट आहे, उन्हाळ्यात मातीवर पांढरी बुरशीसारखी खपली येते. बांध खोदला की पांढरे खडे निघतात आणि लहान पोरांना ते शिंपल्यासारखे वाटतात. हे सगळं ज्यांनी पाहिलं, त्यांनी आपल्याला माहीत असलेल्या सगळ्यांत मोठ्या खाऱ्या पाण्याशी त्याचा संबंध लावला. ज्यांनी समुद्र कधी पाहिला नव्हता त्यांनी समुद्राची कल्पना केली, यात मला अडाणीपणा दिसत नाही. निरीक्षण आणि त्यावर उभं केलेलं स्पष्टीकरण या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, एवढंच मला म्हणायचंय. पहिली खरी असली म्हणून दुसरी आपोआप खरी होत नाही.

इतर काल्पनिक समुद्रांशी तुलना

काल्पनिक समुद्र वाईट असतो असं नाही. आपल्याकडे पुराणांनी सात समुद्र कल्पिले: खाऱ्या पाण्याचा, उसाच्या रसाचा, मद्याचा, तुपाचा, दह्याचा, दुधाचा आणि गोड्या पाण्याचा. यातलं काहीच खरं नाही. पण रचना बघा. मध्ये जंबुद्वीप, त्याला लवणसमुद्राचा वेढा, त्याच्याबाहेर पुढचं द्वीप, मग पुढचा समुद्र. प्रत्येक द्वीप आधीच्याच्या दुप्पट. प्रत्येक समुद्राला जागा आहे, चव आहे, हद्द आहे. कोणी विचारलं, "दह्याचा समुद्र कुठे?" तर पुराणाकडे ठरलेलं उत्तर आहे.

दुसरं उदाहरण ज्यूल व्हर्नचं. भा. रा. भागवतांमुळे व्हर्न मराठी मुलांच्या हाती आला. त्याच्या १८६४ च्या कादंबरीत पृथ्वीच्या पोटात एक प्रचंड समुद्र आहे. प्राध्यापक आणि त्याचा पुतण्या तराफ्यावरून तो ओलांडायला निघतात. आता हा समुद्र शंभर टक्के खोटा. पण पुतण्या तराफ्यावर रोजची नोंद ठेवतो: वारा, दिशा, अंतर. खोली मोजायला ते दोराला लोखंडी कुदळ बांधून सोडतात. दोनशे वाव दोर जातो, तळ लागत नाही. कुदळ वर ओढतात तेव्हा लोखंडावर दातांच्या खुणा असतात. आत काहीतरी भयंकर आहे हे वाचकाला असं कळतं, एका मोजणीतून. लहानपणी मला त्या प्राण्यांची भीती वाटली होती. आता वाचताना ती कुदळ जास्त आवडते.

या दोघांशेजारी आपला वऱ्हाडचा समुद्र ठेवला की त्याची उणीव दिसते. त्याला तारीख नाही, किनारा नाही, खोली नाही. त्यात कोणी दोर सोडलेला नाही. कथाकाराला लागेल तेव्हा तो लाखो वर्षांपूर्वीचा होतो, लागेल तेव्हा आजही बोअरच्या खाली असतो. काल्पनिक कथेलासुद्धा आपण एवढी सूट देत नाही. तिथे नियम मोडला की वाचक पुस्तक मिटतो. संशोधनाच्या प्रस्तावनेत मात्र आपण ती सूट सहज देतो, कारण वाक्य ओळखीचं असतं.

मग आपणच दोर सोडून बघू.

पहिली मोजणी : उंची

अकोला समुद्रसपाटीपासून सुमारे २८० मीटर उंचीवर आहे, अमरावती त्याहूनही वर. आज पृथ्वीवरचा सगळा बर्फ वितळला तर समुद्राची पातळी ६५ ते ७० मीटरच्या आसपास वाढेल. म्हणजे तेव्हाही अकोला दोनशे मीटर वर राहील. पाणी वर चढून इथे येण्याचा रस्ता बंद झाला.

कोणी म्हणेल, जमीन तेव्हा खाली असेल, नंतर वर उचलली गेली असेल. बरोबर शंका आहे, हिमालयात सागरी जीवाश्म सापडतात ते असेच. मग दुसरी मोजणी करावी लागेल.

दुसरी मोजणी : वय

पूर्णेच्या खोऱ्यात वरचा थर गाळाचा आहे. काही ठिकाणी तो शेकडो मीटर जाड आहे. खारं पाणी मुख्यतः या गाळात आहे. हा गाळ चतुर्थक काळातला, म्हणजे गेल्या सुमारे २६ लाख वर्षांतला. त्याच्या खाली आपला ओळखीचा काळा पाषाण, बेसॉल्ट. तो साधारण ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा.

आणि आता कथेच्या बाजूने सांगण्यासारखं. मध्य भारतात समुद्र खरंच आला होता! मध्य प्रदेशात नर्मदेच्या खोऱ्यात बाघ इथले थर प्रसिद्ध आहेत. त्यांत शंख-शिंपले, समुद्री साळ आणि अमोनाइट यांचे जीवाश्म सापडतात. तो समुद्र साधारण नऊ-दहा कोटी वर्षांपूर्वीचा, म्हणजे आपल्या बेसॉल्टच्याही आधीचा. इतकंच नाही, वरुडच्या पलीकडे छिंदवाड्याकडच्या झिलमिली इथे लाव्हाच्या दोन थरांमधल्या गाळात सागरी सूक्ष्मजीवांची कवचं मिळाल्याचं २००९ मध्ये प्रसिद्ध झालं. त्यावरून समुद्राचा एखादा फाटा तेव्हा आत आला असावा, अशी मांडणी झाली. तो समुद्र सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा.

मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा वाटलं, आबाजी जिंकले. पण नीट बघा. साडेसहा कोटी आणि २६ लाख यांच्यात किती अंतर आहे? लाव्हाच्या काळातला समुद्र आणि त्याच्या कितीतरी नंतर नदीने आणून टाकलेला गाळ यांचा थेट संबंध लावणं म्हणजे पणजोबांच्या लग्नातलं जेवण आज मला बाधलं म्हणण्यासारखं आहे. 'इथे कधीतरी समुद्र होता' आणि 'म्हणून आज पाणी खारं आहे' ही दोन वेगळी विधानं आहेत. पहिल्याला थोडा आधार मिळाला की दुसरं त्याच्या पाठीवर बसून गावभर फिरतं. तुमच्या प्रबंधात 'त्यामुळे' हा शब्द जिथे येईल तिथे थांबून हे तपासा. माझी चूक त्याच शब्दात होती.

तिसरी मोजणी : नकाशा

अकोटहून वर सातपुड्याच्या पायथ्याकडे निघा. तिथे पाणी गोड आहे, केळी आहे, संत्री आहे. अंजनगाव, अचलपूरकडेही तसंच. दक्षिणेकडे पूर्णेच्या दिशेने खाली उतरलात की चव बदलत जाते. पायथ्याशी डोंगरातून आलेला जाडाभरडा गाळ आहे, दगडगोटे, वाळू. त्यातून पावसाचं पाणी मुरतं आणि वाहतं राहतं. मध्यभागी बारीक चिकण माती. तिथे पाणी अडकतं. म्हणजे खारेपणाचा नकाशा हा पाणी किती सहज हलतं याच्या नकाशाशी जुळतो. समुद्रवाद्याला हे जुळणं वेगळं समजावून सांगावं लागेल.

चौथी मोजणी : रसायन

समुद्राच्या पाण्याची एक सही असते. त्यात सोडियम आणि क्लोराइड यांचं रेणूंच्या हिशेबातलं प्रमाण सुमारे ०.८६ असतं, क्लोराइड आणि ब्रोमाइड यांचंही ठरावीक प्रमाण असतं, कॅल्शियमपेक्षा मॅग्नेशियम बरंच जास्त असतं. पाणी नुसतं खारट लागणं म्हणजे सही जुळणं नव्हे. क्लोराइड जास्त दिसलं की 'समुद्र' म्हणून मोकळं होणारे अहवाल मी पाहिलेत. क्लोराइड पावसातूनही येतं. एक कच्चा हिशेब करू. समजा वर्षाला ८०० मिलिमीटर पाऊस पडतो आणि त्याच्या दर लिटरमध्ये फक्त १ मिलिग्रॅम क्लोराइड आहे. दर चौरस मीटरवर वर्षाला ०.८ ग्रॅम झालं. काहीच नाही ना? दहा हजार वर्षांत ते ८ किलो होतं. निचरा चांगला असेल तर यातलं बहुतेक नदीतून निघून जाईल. निचरा नसेल तर पाणी उडेल आणि मीठ राहील. हा आकडा पूर्णेचा नाही, पद्धत दाखवायला घेतलाय. पण समुद्राशिवाय मीठ साठू शकतं, हे समजायला तो पुरतो.

मग मीठ आलं कुठून?

नागपूरच्या राष्ट्रीय मृदा सर्वेक्षण आणि भूमी उपयोग नियोजन संस्थेतल्या शास्त्रज्ञांचा पूर्णा खोऱ्यातल्या काळ्या जमिनींवरचा एक महत्त्वाचा अभ्यास १९९६ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यातली गोष्ट साध्या शब्दांत अशी. बेसॉल्ट झिजतो, त्यातून कॅल्शियम आणि सोडियम दोन्ही मोकळे होतात. आपल्यासारख्या कोरड्या हवेत कॅल्शियम चुनखडी होऊन बसतं. बांधातले पांढरे खडे म्हणजे बहुतेक वेळा हीच चुनखडी, शिंपले नव्हेत. कॅल्शियम असं बाजूला झालं की चिकण मातीच्या कणांवर सोडियमचा वाटा वाढतो. सोडियमने माती फुगते, विस्कटते, तिची छिद्रं बुजतात. छिद्रं बुजली की निचरा आणखी कमी. निचरा कमी की क्षार आणखी जास्त. चक्र चालू.

याचा छोटा नमुना बघायचा असेल तर लोणारला जा. तिथेही कथा आहे: लवणासुर राक्षस, विष्णूने त्याचा वध केला, दैत्यसूदनाचं देऊळ आजही उभं आहे. बेसॉल्टमध्ये उल्कापाताने झालेलं ते विवर, सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचं. काठावरच्या धारेचं पाणी गोड आहे. तेच पाणी खाली तळ्यात जातं आणि तळ्याचा सामू १० च्या आसपास! बाहेर पडायला वाट नाही, फक्त वर उडून जायला आहे. गोड पाणी आत, खारं पाणी शिल्लक. लोणारला कोणी समुद्र मागत नाही. पूर्णेची गोष्ट याहून गुंतागुंतीची आहे, तिथे नदी वाहते, पण निचऱ्याचा मुद्दा तोच.

अर्थात चेंडू समुद्रवाद्यांच्या कोर्टातही टाकून ठेवतो. पूर्णेच्या गाळात, खारं पाणी ज्या थरात आहे त्याच थरात, जागेवर तयार झालेली सागरी सूक्ष्मजीवांची कवचं कोणी दाखवली आणि पाण्याची रासायनिक सहीही जुळली, तर हा लेख मी मागे घेईन. आपलं मत कशाने बदलेल हे आधीच सांगता आलं पाहिजे. वऱ्हाडच्या समुद्राकडे असं एकही वाक्य नाही. तो काहीही सापडलं तरी टिकतो.

एवढं मनावर का घ्यायचं?

कारण माझा मामा. चार वर्षांपूर्वी त्याने कर्ज काढून बोअर मारला. हरभऱ्याला दोन पाणी जादा दिलं तर फरक पडेल, असा हिशेब होता. पहिल्या वर्षी पडलाही. तिसऱ्या वर्षी वावरात ट्रॅक्टर फिरवला तर ढेकळं फुटेनात, पाऊस पडला की पाणी वर साचून राहायचं. मी म्हटलं, मामा, बोअरचं पाणी बंद कर, माती तपासून जिप्सम टाक, ढैंचा गाड, शेततळ्यात पावसाचं पाणी धर. तो शांतपणे म्हणाला, "भाच्या, समुद्राची जमीन हाये थे. आपल्या हातात काय हाये त्याच्यात?"

तेव्हा मला कथेचा खरा धोका कळला. ही कथा एका चालू प्रक्रियेला जुनी घटना करून टाकते. निचरा आज बिघडतोय, सोडियम आज चढतोय, खारं पाणी आज उपसून वावरात सोडलं जातंय. पण 'समुद्र होता' म्हटलं की सगळं घडून गेलेलं ठरतं. मग जिप्सम कशाला आणि माती परीक्षण कशाला? अधिकारीही तेच वाक्य भाषणात म्हणतात आणि त्यांचीही सुटका होते. लाखो वर्षांपूर्वीच्या समुद्राला नोटीस कोण काढणार?

उलट बाजूही ठेवतो, नाहीतर मी तीच चूक करीन. गावागावात मूत्रपिंडाचे आजार आहेत आणि लोक त्याचा दोष खाऱ्या पाण्याला देतात. मला ती भीती खरी वाटते. आजोळी डायलिसिसला जाणारी माणसं मी ओळखतो. पण 'पाणी, म्हणून आजार' हेसुद्धा 'त्यामुळे'चंच वाक्य आहे. त्यालाही मोजणी हवी. आपल्याला पटणाऱ्या कथेला सवलत द्यायची नाही. आणि मोजणी पूर्ण होईपर्यंत गोडं पाणी पुरवायचं थांबवायचंही नाही. सातपुड्यातल्या वान प्रकल्पाचं पाणी अकोट-तेल्हारा भागातल्या ८४ खेड्यांच्या योजनेसाठी येतं, ते कारणमीमांसा संपेपर्यंत थांबलं असतं तर? गंमत म्हणजे त्या जलाशयाचं नाव हनुमान सागर. वऱ्हाडातला जो सागर डोळ्यांनी दिसतो, तो गोड्या पाण्याचा आहे.

तुमच्यासाठी गृहपाठ

पेटच्या मुलाखतीला किंवा पहिल्या आराखड्याला बसण्याआधी एक करा. तुमच्या विषयातलं 'सगळ्यांना माहीत असलेलं' एक वाक्य निवडा. त्याला चार प्रश्न विचारा. कधी? किती? कुठपर्यंत? आणि काय सापडलं तर मी हे सोडून देईन? उत्तर नसेल तर ते वाक्य वाईट नाही, ते तुमचा संशोधनाचा प्रश्न असू शकतं. माझा तसाच मिळाला. प्रबंधिकेतलं ते खोडलेलं वाक्य आज माझ्या पीएचडीचा दुसरा अध्याय आहे. फक्त शेवटी पूर्णविराम होता तिथे आता प्रश्नचिन्ह आहे.

मामाने या वर्षी अर्ध्या एकरात जिप्सम टाकलाय. पटला म्हणून नाही. "तुह्या अभ्यासासाठी टाकतो," म्हणाला. उरलेलं वावर त्याने तसंच ठेवलंय, समुद्राच्या नावाने. मला तर तुलनेला दोन्ही तुकडे हवेच होते. पावसाळा संपला की दोन्हीकडची माती घेऊन येईन.